पातेल्याचं नंतर विचार

यरुशलेम,
मंगळवार, ११ हेशवान

चि. अंशेल यास,

देवाच्या दयेने दिवस ढकलतो आहोत. तुझ्याकडे सगळे बरे असतील. इथे थंडी सुरू झाली.

आईच्या खुब्यात खिळे घातले, ते तुला फोनवर कळलंच. आला मात्र नाहीस. पुस्तक छापायला द्यायचंय ना! मंदिरातले जुने विधी आणि आपले आजचे नियम यांची सांधेजोड.

तू शिकावंस म्हणून मी तिसरीतून शाळा सोडली. पण तू मोठ्याने वाचतोस, ते स्वयंपाकघरात ऐकू येतं. सणाला आलास तेव्हा वाचत होतास. वेदीच्या चढणीवर दोन याजकांची शर्यत लागली, एकाने दुसऱ्याच्या छातीत सुरा खुपसला. पडलेल्याचा बाप येऊन म्हणतो, "पोरगा अजून तडफडतोय, जीव गेलेला नाही, म्हणजे सुरा विटाळला नाही." मग दुसरीकडचं वाचलंस, की मंदिर जळून गेलं, आता जेवणाचं टेबल हीच वेदी.

ही दोन मी जोडून देते, छाप पुस्तकात. मांसाची भांडी वेगळी, दुधाची वेगळी, हे आपल्याला आईनेच शिकवलं. त्याच सणात दुधाच्या पातेल्यात तुला मांसाचा डाव दिसला. "आई, हे काय केलंस!" केवढ्याने ओरडलास! ती दचकली, स्टुलाला अडखळून पडली. म्हातारी फरशीवर कण्हतेय आणि तू विचारतोस, "हा डाव कालपासून कधी मांसात बुडाला होता का? पातेलं बाटलं की नाही, ते त्यावर ठरतं."

त्या बापाला निदान पोरगा तरी दिसला होता!

आई आता जेवत नाही. चमचा पुढे केला की तोंड फिरवते. "माझा हात लागला की विटाळ. माझं ताट वेगळं ठेव."

आता ऐक. डाव मी घातला होता. घाईत. तू ओरडलास आणि माझी जीभ टाळ्याला चिकटली. पन्नाशीची बाई मी, धाकट्या भावाला घाबरून आईच्या माथी मारलं. काल तिला खरं सांगितलं. तर म्हणते कशी, "माझ्यासाठी खोटं बोलू नकोस, हिंदा. अंशेल म्हणाला, म्हणजे मीच."

माझा शब्द तिथे चालत नाही, तुझाच चालतो. शुक्रवारच्या आत ये. पुस्तक आणू नकोस. तिच्या हातून पाव मोडून घे आणि तिच्यासमोर खा.

पातेलं फेकलेलं नाही. डावासकट फडक्यात बांधून तुझ्या खुर्चीवर ठेवलंय. आधी आईकडे जा.

तिच्यात अजून जीव आहे, अंशेल.

तुझी थोरली,
हिंदा