मनोरा तिचा होता

१२ मार्च

संपवलं!

गेममधला खलनायक लोखंड्या वरून खाली गेला, मनोरा कोसळला, पडद्यावर नावांची रांग धावली आणि मी कंट्रोलर हातात धरून गाढवासारखा बसून राहिलो.

गेम तिची. यंत्र तिचं. वर्षभर थोडं थोडं खेळत ती मनोऱ्याच्या दारापर्यंत पोचली होती. कॉलेजची परीक्षा जवळ आल्यावर सगळं पिशवीत घालून माझ्याकडे घेऊन आली – 'घरात राहिलं तर माझं काही खरं नाही. तुझ्याकडे ठेव. हवं तर खेळ. चोर पकड, झाडावरची मांजरं उतरव, छपरांवरून उड्या मार. पण म... म...'

बोलताना ती अडखळते. पहिल्यापासूनच. मी नेहमीसारखा मदतीला धावलो – 'मनोऱ्यावर जायचं नाही!'

'हो,' म्हणाली. 'ती लढाई माझी.'

एवढीच अट. एक अट पाळता येऊ नये माणसाला?

आज दुपारी फोन केला तर मागे कुणीतरी खाकरलं. 'कोण आहे गं?' 'घुम्या. तोंडी परीक्षेची तयारी करतोय आम्ही.' घुम्या! जगात दुसरं कुणी मिळालं नाही हिला! फोन ठेवला आणि तडक मनोऱ्यावर गेलो. लोखंड्याच्या धडावर मनातल्या मनात घुम्याचं डोकं बसवलं आणि असा हाणला, असा हाणला!

शेवटी लोखंड्या कठड्याला लोंबकळतो आणि गेम विचारते – हात देणार, की ढकलणार? मी काय केलं ते इथं लिहीत नाही.

१३ मार्च

मागे जाता येत नाही. गेमच्या मेनूतल्या सगळ्या खिडक्या उघडून पाहिल्या. गेम आपलं आपण सेव्ह करते आणि तेही एकाच जागी. तिची मनोऱ्याच्या दाराशी थांबलेली गेम आता कुठेच नाही.

कोपऱ्यावरच्या गेमवाल्याकडे गेलो. एका मित्राचं असं असं झालंय म्हणून सांगितलं. गेमवाला हसला. 'मित्राला म्हणावं, झालं ते झालं. नव्यानं सुरू करता येईल, पण आहे ते सगळं पुसलं जाईल.'

'मग गोष्ट संपल्यावर लोक करतात तरी काय?'

'उरलीसुरली कामं. पोस्टरं गोळा करा, हरवलेले फुगे शोधा, नवे कोट शिवा. बरेच जण कंटाळून दुसरी गेम नेतात. तुमचा मित्र काय करतोय?'

'तोंड लपवतोय.'

१४ मार्च

लोखंड्या गेल्यावर शहरात लख्ख ऊन पडलंय. रस्त्यानं जाताना लोक हात हलवतात. 'तुम्ही होतात म्हणून वाचलो!' एक पोरगी रोज त्याच चौकात फूल देते. टाळ्या, फुलं, ऊन – आणि मला प्रत्येक टाळी कानाखाली बसल्यासारखी वाटते.

पुलावर लोखंड्याची आई उभी असते. जवळ गेलं की 'बोला' असं बटण येतं. दाबलं. तिनं तोंड फिरवलं. पुन्हा दाबलं. पुन्हा फिरवलं.

यंत्राची वायरच उपटली.

१६ मार्च

दिवसभर पाळण्यात. दाजींचं काम उंच इमारतींच्या काचा धुण्याचं. ताईनं शब्द टाकला म्हणून त्यांनी मला घेतलं. गच्चीवरून दोरांनी पाळणा सोडायचा, आत आम्ही दोघं, बादली आणि रबरी पट्टी. गेममध्ये मी हीच उंची एका उडीत पार करतो. इथं दाजी दर मजल्याला ओरडतात, 'अहो हिरो, पट्टा लावलाय ना?'

आज आतल्या ऑफिसात एक लहान मुलगी आली होती. मला पाहून तिनं काचेला नाक लावलं आणि टाळ्या पिटल्या. मी फेस फासला आणि तिचं तोंड झाकून टाकलं. का केलं असं? माझं मलाच कळलं नाही.

आई जेवताना म्हणाली, 'प्राचार्यांचा पुन्हा निरोप आलाय. नुसती माफी माग म्हणतात त्या मुलाची. जीभ झडणार आहे का तुझी?'

ताट सारून उठलो. आई बिचारी उगाच माझं उरलेलं झाकत बसली.

१७ मार्च

लिहूनच टाकतो एकदा.

कॉलेजची प्रयोगशाळा. सरांनी तिला प्रश्न विचारला. ती उभी राहिली आणि पहिल्याच शब्दाला अडली. वर्ग वाट बघतोय. तेवढ्यात मागच्या बाकावरून घुम्या – जो वर्षभर हूं की चूं करत नव्हता, हजेरीलाही नुसता हात वर करायचा, तो घुम्या – 'प... प... प...' करायला लागला. वर्ग फिस्सकन हसला. हाताशी स्टूल होतं. ते फेकलं. कपाटाची काच गेली आणि घुम्याचा हात गळ्यात आला.

प्राचार्य म्हणाले, 'त्याची माफी माग आणि वर्गात बस.' मी म्हटलं, 'माफी? मी? आधी त्यानं मागावी!' दप्तरही न घेता निघालो. तो शेवटचा दिवस.

वाटलं होतं, ती फाटकापर्यंत धावत येईल. आली. पण रागानं लाल! 'तुला कुणी सांगितलं होतं?'

'अगं, तो तुझी नक्कल करत होता!'

'तो काय करत होता ते तुला काय माहीत?'

मला वाटलं, मनानं चांगली आहे, दुष्टालाही वाईट म्हणवत नाही हिला. आणखीच आवडली.

२० मार्च

फोन. 'माझा मनोरा कसाय?'

'तुझी वाट बघतोय.'

किती सहज निघालं तोंडातून! ती म्हणाली, 'बरं.'

२१ मार्च

'नवीन गेम' दाबलं. 'जुनं सगळं पुसलं जाईल. खात्री आहे?' खात्री कसली डोंबलाची! तरी 'हो' म्हटलं.

तिचं वर्ष एका बटणात गेलं. आता तिची परीक्षा संपायच्या आत सगळी गोष्ट पुन्हा खेळायची, मनोऱ्याच्या दारापर्यंत जायचं आणि तिथंच थांबायचं. हुबेहूब. तिला पत्ताच लागता कामा नये.

२८ मार्च

काम सुटलं की गेम, सुटीला दिवसभर गेम. ताई आली होती. दारातूनच म्हणाली, 'एवढा जीव पुस्तकात घातला असतास तर!' दाजी म्हणाले, 'अगं, जगाला वाचवतोय तो. तू चहा टाक.'

तिचं काय काय होतं ते आठवून जमवतोय. कोट पिवळा – गडद नाही, उन्हात विटल्यासारखा. दोर लांबवलेला. घड्याळघराच्या छपरावरचं मांजर तिनं मुद्दाम उतरवलं नव्हतं, 'त्याला आवडतंय तिथं' म्हणाली होती. तेही तसंच ठेवलं.

किती बारीकसारीक आठवतंय मला तिचं! आणि कशासाठी वापरतोय ते – फसवायला.

२ एप्रिल

आज कॉलेजच्या वाचनालयाच्या काचा. दाजींना सांगायला हवं होतं की पोट दुखतंय. सुचलं तेव्हा पाळणा दुसऱ्या मजल्यावर आला होता.

ती काचेपलीकडेच बसली होती! समोर घुम्या. दोघंही पुस्तकाकडे न बघता एकमेकांच्या तोंडाकडे बघत होते. तिचे ओठ हलत, मग त्याचे. मध्येच ती हसली. असं मोकळं हसताना मी तिला कधी पाहिलं नाही. माझ्यापुढे तर नाहीच.

मी टोपी नाकावर ओढली, फेस फासत सुटलो. दाजी म्हणाले, 'अहो, तीच काच कितीदा धुताय? झिजेल ती!' पट्टी ओढली, फेस उतरला – आणि ती माझ्याकडेच बघत होती. हात नाही हलवला, हसली नाही. फोन उचलला, त्याच्या पडद्याकडे पाहिलं, पुन्हा माझ्याकडे पाहिलं. काहीतरी व्हायची वाट बघत असल्यासारखी.

मी दाजींना म्हटलं, 'खाली घ्या.'

९ एप्रिल

पोचलो. पिवळा कोट, घड्याळघरावर मांजर, समोर मनोऱ्याचं दार. एक पाऊल पुढे टाकलं नाही. जमलं एकदाचं!

आनंद व्हायला हवा होता.

११ एप्रिल

तिची परीक्षा संपली. दुपारी आली. आईनं सरबत दिलं, चार प्रश्न विचारले आणि शहाण्यासारखी आत गेली.

तिनं यंत्र लावलं. पडद्याकडे बघत राहिली.

'छान जमवलंयस,' म्हणाली.

'काय?'

'सगळं. खिशावर लाल पट्टी होती फक्त. ती विसरलास.'

तिनं फोन काढून माझ्यापुढे धरला. बारा मार्चची दुपार. गेमकडून आलेला संदेश – 'अभिनंदन! तुम्ही शहर वाचवलंत.' गेम तिच्या नावावर आहे. सगळं तिला कळणारच! एवढी साधी गोष्ट माझ्या डोक्यात आली नाही.

म्हणजे तिला त्याच दिवशी कळलं होतं. 'तुझी वाट बघतोय' म्हणालो तेव्हाही ठाऊक होतं.

'म्हटलं, आज सांगेल. उ... उद्या सांगेल. काचेबाहेर लटकत होतास तेव्हा वाटलं, आता तरी सांगेल.'

'मध्ये काच होती.'

'फोनमध्ये कुठं होती?'

मी सरबताचे पेले गोळा करायला लागलो.

तिनं कंट्रोलर घेतला. 'हात खिशात घाल. बोलायचं नाही.' आणि मनोऱ्यात शिरली. पडली. पुन्हा गेली, पुन्हा पडली. लोखंड्या डावीकडून यायचा आणि तिला दर वेळी उशीर व्हायचा. माझे हात खिशात वळवळत होते. 'अगं, डावी...' 'गप!' आतून आईनं विचारलं, 'भांडताय का रे?' 'नाही, काकू,' ती म्हणाली. 'हा गप्प बसायला शिकतोय.'

शेवटी जिंकली. घामाघूम. लोखंड्या कठड्याला लोंबकळला. हात, की ढकलणं? मला खात्री होती, ही हात देणार.

तिनं ढकललं! क्षणाचाही विचार नाही!

मी बघतच राहिलो. ती म्हणाली, 'असा काय बघतोस? मला राग येत नाही? येतो. पण तो माझा आहे, तू कशाला वाहतोस? तू काय केलं होतंस?'

'मीही ढकललं.' आज लिहिलं इथं. चला.

'ते आलंच लक्षात. आणि घुम्याला?'

'तो तुझी नक्कल...'

'त्याला विचारलंस कधी?'

'तूच सांग ना मग काय ते!'

'ते त्याचं आहे. मी कसं सांगू?'

वायर गुंडाळली, पिशवी भरली. दारात मी कसंबसं म्हटलं, 'परत येशील ना?' ती थांबली. मान ताठ झाली, ओठ जुळले. 'म... म...'

'मला माहीत नाही?' मीच म्हटलं.

तिनं माझ्याकडे असं पाहिलं – रागानं नाही, दमल्यासारखं. आणि वाक्य तिथंच टाकून जिना उतरली.

१२ एप्रिल

काय म्हणणार होती ती? म... मी? मग? महिन्यानं? दिवसभर काचा पुसत शब्द लावतोय. दोन वर्षं मी तिची वाक्यं पुरी करत आलो. मला वाटायचं, यालाच प्रेम म्हणतात. किती वाक्यं माझीच होती त्यातली!

१८ एप्रिल

पुन्हा कॉलेज. दाजी गच्चीकडे निघाले, मी मोठ्या दारानं आत गेलो. 'अहो हिरो, बादली?' 'आलोच!'

घुम्या वाचनालयाच्या पायरीवर एकटाच होता. मला बघून उठला आणि मागे सरकला. मला घाबरून! म्हटलं, 'स्टूल नाही आणलं.' मग जे बोलायचं ते बोललो. वेडंवाकडं, पण शेवटपर्यंत.

त्याची मान ताठ झाली, ओठ जुळले, गळ्याची शीर फुगली. हे मी पाहिलेलं होतं. तिच्या चेहऱ्यावर, कितीदा तरी.

'त... त्या दिवशी,' तो म्हणाला, 'मी तिला उ... उ...'

शब्द माझ्या जिभेवर आला होता. उत्तर. अडलेल्या तिला तो मागून उत्तर सांगत होता!

जीभ दातांखाली धरली. त्याचा शब्द त्याचा होईपर्यंत उभा राहिलो.