न बोलणाऱ्या गोगलगायीची वारस

मी, या कागदाखाली सही करणारी, वय सव्वीस, काम मुलांच्या कार्टून मालिका लिहिण्याचे, पित्ताशयाच्या ऑपरेशनच्या आदल्या दुपारी पूर्ण शुद्धीत आणि पूर्ण संतापात हे मृत्युपत्र करत आहे. डॉक्टर म्हणतात, ऑपरेशन किरकोळ आहे. पण शिकलेली म्हणून घरातले सगळे कागद मीच लिहिते, हाही लिहिते.

१. माझे स्टॉपवॉच भाचीला. कंपनीत मी त्यावर विनोद मोजले: दर चाळीस सेकंदांनी कोणीतरी आपटलेच पाहिजे. तिने त्यावर फक्त शर्यती लावाव्यात.

२. जाड्या पाणघोड्याच्या एक्केचाळीस भागांवरून माझे नाव काढावे. भाचीने विचारले होते, "मावशी, सगळे हसल्यावर तो घरी जाऊन काय करतो गं?" तेव्हापासून मला त्या भागांची शिसारी येते, आणि ते लिहिणारीचीही.

३. आता मालिकेत असलेली गोगलगाय मी नोकरीच्या दोन वर्षे आधी कॉलेजच्या वहीत काढली; पानावर तारीख आहे. ती बोलत नाही. माझ्या पालकसभेत आई अशीच गप्प बसायची, वाचता येत नाही हे कळू नये म्हणून. पडद्यावर गोगलगाय गप्प राहिली की समोरची मुले बोलतात. मी ऐकले आहे: "अगं, डावीकडे वळ! घाबरू नकोस!"

काल निर्मितीप्रमुख फळांची करंडी घेऊन वॉर्डात आले. फळांखाली गोगलगायीवरचे हक्क सोडण्याचा कागद.

"न बोलणारं खेळणं कोण घेणार? पोट दाबलं की 'मला घरी ने' म्हणायला हवं."

"मग मुलं काय बोलतील?"

"मुलांना काय कळतंय! सही कर आणि निवांत झोप."

फळे वॉर्डात वाटली. कागद सही न करताच परत केला.

४. म्हणून वही, गोगलगाय आणि तिचे सर्व हक्क आईला. तिने गोगलगायीला कोणाला बोलकी करू देऊ नये. दादा, साहेब दिसला की तू मान डोलावतोस. तू मधे पडू नकोस.

निर्मितीप्रमुखांनी आईला अडाणी समजू नये. वर्षभर मी तिला शिकवते आहे. स्वतःच्या नावानंतर तिने मागून घेतलेला पहिला शब्द 'नाही' हा होता.

वरील मजकूर आईने ओळीवर बोट ठेवून स्वतः वाचला. म्हणाली, "घरी आलीस की फाडून टाकू हे. पण गोगलगाय माझ्याकडेच राहू दे."

साक्षीदार:
दिवसपाळीची नर्स (सही)
गोगलगायीची शांतता ध्वनिमुद्रित करणारे काका (सही)

लिहून देणार: मी (सही)
खाट क्रमांक नऊ, मंगळवार, चौदा तारीख