चिंचेखालची चूल

प्रिय हौसाबाय,

आज तुझा दहावा झाला आणि कावळा लगेच शिवला. भटजींनी हात जोडायला सांगितले, जोडतायत तोवर मेल्यानं झडप घातली! घाटावरची मंडळी समाधानानं माना हलवत पुलावरून परतली. "पुण्यवान बाई. एक इच्छा मागं ठेवली नाय."

तुझी इच्छा उरली नाही? तुझी? पोटभर खाऊन बाजारातून निघालीस तरी वाटेत भूक लागेल म्हणून ओटीत उकडलेल्या शेंगा बांधून घेणारी तू! मी पुलावर उभी राहून सगळं पाहत होते. बायकांनी दहाव्याला घाटावर जायचं नसतं. पुलाविषयी शास्त्रात काही लिहिलेलं मला आढळलं नाही. ते बोलणं कानावर आलं आणि माझं डोकं फिरलं. घरी आल्या आल्या हा कागद पुढ्यात ओढला.

गावाला तुझी पुण्याई परवडते, तुझं तोंड परवडत नव्हतं. तुझी शेजारीण तर डोळ्यांना पदर लावून म्हणाली, "गरीब गाय होती हो." गरीब गाय! दहिवलीहून तू बाजाराला निघालीस की कर्जत स्टेशनावरच्या हमालांना आवाज यायचा. मेलेल्या माणसाला इतकं मऊ शिजवायचं की त्याची आठवण घशाखाली सहज उतरावी, ही आपल्या लोकांची जुनी पाककृती. मी ती खाणार नाही.

आपली ओळख आठवते? जपानी बाँबच्या भीतीनं मुंबई रिकामी होत होती, त्याच सुमारास माझी इथल्या मुलींच्या शाळेवर नेमणूक झाली. छत्री, चष्मा आणि कोरी पिशवी घेऊन मी वालाच्या ढिगापुढं उभी राहिले आणि विचारलं, "या वालांचा दर काय आहे?" मागून तू खो खो हसलीस. "अगं बाय, ही पुस्तकातनं चालत आली वाटतं!" मग माझा दंड धरलास. विचारलं नाहीस, धरलास. "चल, बाजार दावते."

मुंबईच्या मासिकात टोपणनावानं लोकांची टर उडवणारी मी. माझी अशी तोंडावर कुणी उडवली नव्हती. तिथंच मी तुझी झाले.

हा तुझा धंदाच होता, हे मला मागाहून कळलं. गाडीतून उतरलेली मुंबईची बावरलेली बिऱ्हाडं तू स्टेशनाबाहेर गाठायचीस आणि शेळ्या हाकाव्यात तशी बाजारातून हाकायचीस. सगळ्यात आधी सुकटीच्या ओळीतून. निम्मी माणसं नाकाला रुमाल लावून तिथूनच पळायची. "गेली ती पावनी, ऱ्हायली ती आपली." मग डोंगरावरून आलेल्या ठाकरणींची करवंदं आणि मध, मग मडकी, मग फुटाणे भाजणारा भडभुंजा. आणि वाट कुठूनही गेली तरी तिचा शेवट चिंचेखाली, तुझ्या स्वतःच्या चुलीपाशी, तुझ्या स्वतःच्या घावनांवर! इतका निःस्वार्थी वाटाड्या मी दुसरा पाहिला नाही.

मजुरी तू पैशात घ्यायची नाहीस. कुणी काहीही खायला घेतलं तरी पहिला घास तुझा. "इख असंल तर मी मरंन, तुमी वाचाल," हे घास तोंडात घोळवत सांगायचीस. साखर रेशनवर जाईपर्यंत तुला जिलबीचा दर वेळी दुप्पट संशय यायचा.

मला सुकटीची चटणी तूच चारलीस. आता लिहायला हरकत नाही. खाल्ली ती खाल्ली. मी म्हटलं, "हौसाबाय, आजोळी कळलं तर घर धुऊन काढतील." तू म्हणालीस, "डोळे मिट. देवाला दिसंल, पर तो चुगली करत नाय." चुगली करणारे त्याच्या दारात बसलेले असतात, हे मला पुढं कळलं.

एक राग मात्र अजून गेलेला नाही. मिरगाच्या तोंडावर तू मला शेवळांची जुडी घेऊन दिलीस. कशी सोलायची, कशी चिरायची, सगळं सांगितलंस. शेवळं खाजरी असतात, त्यांत काकडाची आंबट फळं घालून त्यांची खाज मारायची असते, एवढंच सांगायला विसरलीस! माझा घसा असा धरला की वर्गात शब्द फुटेना. मुलींना इतकी चांगली शिक्षिका आयुष्यात मिळाली नव्हती. आणि तू? "मला वाटलं, येवढं तर मांजराला पन ठावं असतं!" माफी मागायची हीच का गं तुझी तऱ्हा?

पण त्या चुलीच्या जागेपाशी तुझी थट्टा थांबायची. चिंचेखालचे ते तीन दगड तुझ्या सासूनं मांडलेले. बाजाराचा कायदा कुठं लिहिलेला नाही, म्हणूनच सगळे पाळतात. बाजारच्या दिवशी जिथली चूल पेटली नाही ती जागा मोकळी, आधी बसेल त्याची. म्हणून अंगात हिव भरलेलं असतानाही तू घोंगडी घेऊन यायचीस, चूल पेटवायचीस आणि तिच्याशेजारी आडवी व्हायचीस. मी रागावले तर म्हणालीस, "नवरा मेला तरी त्याचं नाव ऱ्हातं. जागा गेली की काय ऱ्हातं गं?"

या वेळचा ताप मात्र तुला उठू देईना. लढाई सातासमुद्रापलीकडे, आणि हिवतापावरचं कोयनेल इथल्या दुकानांतून गायब! मी आले तेव्हा तुझा मुलगा उशाशी होता, सून सुगंधा पायाशी. तू त्यांच्याकडे पाहिलंही नाहीस.

"मास्तरीण, बाजार कंदी हाय?"

"आहे अजून लांब. तू बरी हो आधी."

"चिंचेखाली धूर दिसला पायजे."

एवढंच. देवाचं नाव तुझ्या तोंडी होतं असं जे आता सांगतात, ते तिथं नव्हते.

आणि त्याच दिवशी गेलीस! जायला मुहूर्त तरी बरा काढायचास. बाजार नेमका सुतकात आला. सुगंधानं चूल पेटवली असती, पण सुतकाच्या घरचं खाणार कोण? हॉटेलवाल्या नानाशेठचा त्या सावलीवर किती वर्षं डोळा आहे, ते मी तुला काय सांगू. बाजारच्या सकाळी मी चिंचेखाली पोचले तर त्याची बाकडी गाडीवरून उतरत होती.

"राम राम बाई. वाईट झालं हो," तो म्हणाला. "जागा परक्याकडं जान्यापेक्षा माझ्याकडं बरी, नाय का?"

"चूल पेटली की बोलू."

"कोन पेटवनार? घरात सुतक हाय."

"मला कुठं आहे?"

हौसाबाय, माझ्या जातीचा मला आजवर काडीचा उपयोग झाला नव्हता. त्या सकाळी झाला. तुझ्या घराशी माझं नातं ना गोतं, म्हणून सुतक नाही. पीठ माझ्या रेशनच्या तांदळाचं, तवा माझा. दगडांना सुतक लागतं का, यावर दोन म्हाताऱ्यांची जुंपली. दगड बाजारातच राहतात, तुझ्या घरी निजायला येत नाहीत, म्हणून सुटले.

धूर मात्र झाला गं. केवढा! लाकडं ओली. पहिलं घावन तव्याला असं चिकटलं की खरवडून काढावं लागलं. नानाशेठ आपल्याच बाकड्यावर बसून पान चघळत पाहत होता. तेवढ्यात चिंचेमागून आवाज आला, "बाई, अर्धा कांदा घ्या! तेलात बुडवा अन् तवा पुसा!"

सुगंधा. कशाला शिवायचं नाही म्हणून लांब उभी. तुझ्या राज्यात मी तिचा आवाज कधी ऐकला नव्हता, कारण तिच्या वाटचं तूच बोलायचीस. "झाकन ठेवा! आता नाय, थांबा! आता! उचला, उचला, बघता काय?" हे शेवटचं तर हुबेहूब तुझं. निम्मा बाजार दचकून मागं वळला.

घावन निघालं. जाळीदार, एका कडेला जळकं. आणि कुणी पुढं येईना. सगळे नुसते उभे. माझ्या विद्यार्थिनींच्या आया, डोंगरावरच्या बाया, आणि नेमके त्याच वेळी छत्री टेकत आलेले शाळेच्या कमिटीचे चेअरमन. मला वाटलं, जळक्या कडेला घाबरले. मग उमजलं. ते पहिल्या घासाची वाट पाहत होते. आणि तो घेणारी बाई कुठं होती?

मग मीच घेतला. उभ्यानं, भर बाजारात, चेअरमनसाहेबांच्या डोळ्याला डोळा देऊन. जीभ भाजली. तुझ्या घावनाच्या नखाची सर नव्हती त्याला. पण मी ओरडून सांगितलं, "मेले नाही! या!"

पहिली सोमी ठाकरीण आली, करवंदांची पाटी खाली ठेवून. तिच्यामागून एक शेतकरीदादा: "बामनाच्या हातचं हाय, सुतक नाय, इटाळ नाय. घाला दोन." मग कोण थांबतंय! नानाशेठनं बाकडी परत गाडीवर चढवली. "फुडल्या बाजाराला बघू," म्हणाला.

"बघायला कशाला, खायाला या!" हे चिंचेमागून आलं. तुझी सून, बरं का.

चेअरमन जवळ आले. "बाई, हे शोभतं का आपल्याला?"

"तव्यावर आहे तोवर शोभतं, साहेब. गार झालं की नाही."

तरातरा निघून गेले. थोड्या वेळानं त्यांचा गडी आला आणि पानात घावनं बांधून घेऊन गेला. "कुनाला सांगू नका म्हनलेत साहेब," हेही त्यानं सगळ्यांदेखत सांगितलं. आता येत्या सोमवारी मला कमिटीपुढं खुलासा द्यायचा आहे, शिक्षिकेनं रस्त्यावर चूल का मांडली म्हणून. नोकरी जाईल म्हणतात. वाट बघा म्हणावं! मी मान खाली घालणार नाही, चुकले म्हणणार नाही. साहेबांना एवढंच विचारीन, मीठ बरोबर पडलं होतं ना?

राहता राहिला तो कावळा. तुझी इच्छा होती, आणि ती मी माझ्या कानांनी ऐकली होती. त्या बाजाराला चिंचेखालचा धूर नदीपर्यंत गेला. अख्ख्या गावाचे डोळे चुरचुरले. तुझे चुरचुरले नसतील असं होणार नाही. मग कावळ्यानं थांबायचं कशासाठी? घाटावरच्यांना पुण्याई वाटू दे. तो धुरावर शिवला.

आता वचन देते, ते ऐक. पुढच्या बाजाराला सुतक फिटलेलं असेल. चुलीपाशी सुगंधा बसेल, तिच्या स्वतःच्या तोंडासकट. मी स्टेशनाबाहेर छत्री घेऊन उभी राहीन. कुणी पुस्तकी भाषेत भाव विचारला की त्याचा दंड धरीन, विचारणार नाही. आधी सुकटीच्या ओळीतून नेईन. शेवळं घेऊन दिली तर काकडं सांगायला विसरणार नाही, तेवढी मी तुझ्याहून बरी. आणि पहिला घास? लोक म्हणतील, हौसाबायच्या नावानं बाजूला काढा, चिंचेच्या बुंध्याशी ठेवा. मुळीच ठेवणार नाही! गार झालेलं तू कधी खाल्लं होतंस का? तो घास मीच खाईन, कढत, तुझ्यासारखा तोंडात घोळवत. आणि जिलबी बाजारात परत आली, तर तुझ्या वाटचा संशयही मीच घेईन.

तू जिला कधी नावानं हाक मारली नाहीस, ती तुझी
मास्तरीण