टेपच्या शेवटी उरलेलं

साहेब, लिहायला फार उशीर झाला, माफ करा. तुम्ही जाऊन पंचवीस वर्षं होऊन गेली. दर वर्षी कागद काढतो आणि परत ठेवून देतो. सातवीपर्यंतच शिकलो, चुका होतील, आणि तुम्ही तर माझ्या रजेच्या अर्जातली वेलांटीसुद्धा लाल पेनानं दुरुस्त करायचात. पण हल्ली छातीत धडधडतं, तपासण्यांचे कागद अजून यायचेत, म्हणून आज बसलोच.

महाप्याच्या कारखान्यात आपण मोटारींच्या कॉइल गुंडाळायचो, तुम्ही फोरमन, मी मशीनवर. जेवणाच्या सुट्टीत तुम्ही खणातून छोटा टेप काढायचात आणि ती एकच परदेशी कॅसेट लावायचात. गाणारा नाही, तबला नाही, पेटी नाही. सगळी विजेवरची वाद्यं. मी म्हणालो होतो, "साहेब, सुट्टीतपण मशीनच ऐकायची का?" डबा बंद करत तुम्ही म्हणालात, "तुझी मशीन ओरडते, ही गाते. फरक कळला की तुझीपण गाईल." मग मशीन अडली की तुम्ही माझ्या हातातला पाना काढून घ्यायचात. आधी ऐक, म्हणायचात. बेअरिंग जायच्या दोन दिवस आधी मला कळायला लागलं. त्या कानावर माझी सगळी नोकरी निघाली. अजून शेजारचे पंखा, मिक्सर घेऊन येतात आणि मी डोळे मिटून बसतो.

एकदा तुम्ही ती कॅसेट मला दिलीत. "घरी शांतपणे ऐक. जपून आण." जासईला आमच्या स्वयंपाकघरात लावली तर आई म्हणाली, "यो कसला गाना र? कुनी बोलतच नाय. पंखा बिगारलाय जसा." पण भाकरी मात्र त्याच तालावर थापत होती.

त्याच आठवड्यात बहिणीची हळद. आमच्यात धवलारीण येते, लग्नाचे धवले गाते. ती म्हातारी आमच्या गावातली शेवटचीच, तिचा आवाज आईला टेप करून हवा होता. आणलेली कोरी कॅसेट ऐन वेळी गुंतली. म्हातारी तर गायला लागलेली. मी तुमची कॅसेट घेतली, पुसली जाऊ नये म्हणून तुम्ही मागच्या ज्या छोट्या पट्ट्या तोडल्या होत्या त्यांच्या खाचांत कागदाचे बोळे कोंबले आणि बटण दाबलं. वाटलं, दोन मिनिटं घेऊ. थांबवायला गेलो तर आईनं हात धरला. "नको र. धवला मधी तोरायचा नसते." टेप थांबला म्हणजे धवला तुटला, असं तिला वाटलं, आणि खरं सांगतो, मलाही. म्हातारी थांबली तेव्हा बाजू संपत आली होती. तुम्ही ऐकायचात तीच बाजू.

नंतर तुम्ही आजारी पडलात. नेरूळच्या फ्लॅटवर आलो, वहिनींनी चहा दिला. तुम्ही पडल्या पडल्या विचारलंत, "ती कॅसेट आहे ना रे? ऐकावीशी वाटते." मी म्हणालो, "सापडत नाही साहेब, शोधतो." तुम्ही म्हणालात, "शोध, घाई नाही." घाई होती. पुढच्या आठवड्यात मी आलो तो खांदा द्यायला.

परवा गावात एका हळदीला डीजेच्या धडाक्याखालून तुमच्या कॅसेटचा तोच ताल आला आणि मी खुर्चीतून उठलो. नात म्हणाली, "आजोबा, बसा. या असल्या जुन्या अल्बमवरूनच ही मंडळी सगळं करतात." मी तिला गुणगुणून दाखवलं, तिनं फोनवर अख्खा शोधून दिला. बसून पूर्ण ऐकला. साहेब, चैन पडेना. माझ्या कॅसेटवर म्हातारीचा धवला संपतो, ती श्वास घेते, आणि त्या श्वासातून तुमची मशीन गायला लागते, टेप संपेपर्यंत, चारेक मिनिटं. इतकी वर्षं ते मला एकच गाणं वाटत आलंय.

हे पत्र कुठं टाकणार? कॅसेटच्या डबीत घडी करून ठेवतो. एक मात्र सांगून टाकतो. त्या दिवशी नेरूळला कॅसेट माझ्या पिशवीत होती. लावायचा धीर झाला नाही. लावली असती तर तुम्ही रागावला असतात की हसला असतात, एवढंच कळवा. जरा लवकर कळवा, साहेब.