अध्यक्षस्थानी छत्री

तीर्थस्वरूप भावोजी (तथा सन्माननीय परराष्ट्रमंत्री, तथा बंदरे, तथा टपाल) यांच्या चरणी, कंबर परवानगी देईल तितके वाकून, धाकट्या मेहुण्याचा नमस्कार.

आपली प्रकृती उत्तम असणारच, कारण ती बिघडली तर राष्ट्राची तीन खाती एकदम अंथरुणाला खिळतात. ताईचा गुडघा कसा आहे? माझे म्हणाल तर देह इथे आहे, उर्वरित गोष्टींविषयी खात्री देता येत नाही. या परिषदेत आपल्या राष्ट्राचा राजदूत, सचिव, सल्लागार, टंकलेखक आणि दार उघडणारा इसम ही सर्व पदे मीच भूषवीत असल्याने, सकाळी मी स्वतःला सूचना देतो, दुपारी त्यांचा विपर्यास करतो आणि सायंकाळी स्वतःकडून लेखी खुलासा मागवतो. (खुलासा समाधानकारक नसतो. परंतु बदली माणूस नसल्याने मी स्वतःला क्षमा करतो.)

विषय सागरी मार्गांच्या कराराचा. आपणास स्मरत असेलच (नसल्यास ताईला विचारावे) की कराराच्या मसुद्यास एक नकाशा जोडलेला आहे. महाकाय जहाजांनी कोठे नांगर टाकून विसावावे हे त्यात दाखवले असून आपल्या बेटासमोरचे उथळ पाणी 'मोकळी जागा' म्हणून रंगवले आहे. त्या मोकळ्या जागेत आपले अर्धे राष्ट्र जाळी टाकते. मासा अंडी घालतो तो तिथेच. तो तळ एकदा नांगरांनी खरवडून निघाला, की थोरल्या मामाची होडी फेरफटका मारण्यापुरती उरेल आणि मामा फेरफटका मारणाऱ्यांतलाही नव्हे. तेव्हा 'या पाण्यात नांगर टाकू नये' हे एक वाक्य करारात घालून घेणे, हेच माझे येथील अवतारकार्य.

वाक्य एकच, परंतु सभा एकाच वेळी अनेक दालनांत भरतात, आणि ज्याची खुर्ची रिकामी त्याचे म्हणणे बाद. मोठ्या राष्ट्रांकडे प्रत्येक खुर्चीला माणूस असतो, आणि त्या माणसामागे चिठ्ठी पुढे सरकवणारा दुसरा माणूस. मजपाशी केवळ चीजवस्तू आहेत. म्हणून दीपगृहांच्या समितीत मी कोट ठेवतो, जलमापनाच्या समितीत चष्म्याचे घर, आणि नांगरांच्या समितीत, ती सर्वांत महत्त्वाची म्हणून, छत्री. 'गृहस्थ आत्ताच बाहेर गेलेले दिसतात' हा समज निर्माण करणे, हेच लघुराष्ट्राचे आरमार. (आपले दुसरे आरमार रंग वाळण्याची वाट पाहत गोदीत उभे आहे, हे मी येथे कोणास सांगत नाही.)

तर गेल्या सोमवारी मी दीपगृहांत कोटाशेजारी बसून जांभया आवरत असता, नांगरांच्या समितीत अध्यक्षाची निवड निघाली. जगातील दोन बलाढ्य राष्ट्रांचे प्रतिनिधी, ज्यांना मी खासगीत गजराज आणि वनराज म्हणतो (एकाचा घेर, दुसऱ्याची आयाळ), परस्परांनी सुचवलेले प्रत्येक नाव पाडत होते. जेवणाची वेळ टळून गेली. अखेर परिषदेच्या कारकुनाने, ज्याविषयी कोणाचेच काही मत नाही असे राष्ट्र शोधता शोधता, आमच्या राष्ट्राच्या नावाच्या पाटीमागच्या छत्रीकडे पाहिले. हरकत? कोणाचीच नाही. छत्री एकमताने निवडून आली. मला हे कळले ते वऱ्हांड्यात, वनराजांनी "अभिनंदन, अध्यक्षमहोदय!" म्हणत माझा हात खिळखिळा केला तेव्हा. प्रथम वाटले, गृहस्थ चेष्टा करतोय.

भावोजी, क्षणभर छाती फुगली हे नाकारत नाही. परंतु कारकुनाने ती त्वरित खाली आणली.

"अध्यक्षांनी आपल्या देशाच्या बाजूनं बोलायचं नसतं, साहेब."

"मग आमच्या देशाच्या बाजूनं कोण बोलणार?"

"तुमच्या शिष्टमंडळातलं दुसरं कोणीही चालेल की."

आम्ही दोघांनी आमच्या राष्ट्राच्या खुर्चीकडे पाहिले. छत्रीची काही बोलण्याची इच्छा दिसली नाही.

म्हणजे पाहा, सन्मान असा लाभला की त्यात वाचाच गेली. ज्या वाक्यासाठी आलो, ते उच्चारण्याचा अधिकार जगातील यच्चयावत राष्ट्रांना होता, फक्त मला नव्हता. वाक्याच्या प्रती मी पूर्वीच सर्वांना वाटल्या होत्या, आणि त्यांवर सर्वांनी चहाचे कप ठेवले होते. मी खोलीवर येऊन पडलो. (खोली शिंप्याच्या दुकानावर आहे. खाली यंत्र चालले की वर माझे दात वाजतात.)

आणि तेथे, शिंप्याच्या जिन्याने धापा टाकीत, गजराज आले. शिंप्याने उसनी दिलेली एकुलती एक बुटकी खुर्ची मी त्यांना देऊ केली. तीत आपण मावणार नाही हे ओळखून त्यांनी मलाच तीत बसवले आणि दार लावून घेतले.

"खरं सांगा, त्या उथळ पाण्यावर पलीकडच्या मंडळींचा डोळा आहे ना?"

"अध्यक्षाला सांगता येत नाही," मी म्हणालो. हे अक्षरशः सत्य होते. त्यांना निरोप देण्यासाठी मी त्या खुर्चीतून उठलो आणि एक प्रदीर्घ उसासा बाहेर पडला. तो उसासा माझ्या कमरेचा होता. गजराजांनी तो आंतरराष्ट्रीय समजून घेतला.

"कळलं," ते गंभीरपणे म्हणाले, "यापुढे एक शब्द बोलू नका."

दुसऱ्या दिवशी वनराज आले. तोच प्रश्न, तेच उत्तर, तीच खुर्ची, तीच कंबर. वास्तविक त्या पाण्यावर दोघांपैकी कोणाचाच डोळा नव्हता. नकाशा रंगवणाऱ्याकडे निळा रंग उरला होता, इतकेच. परंतु गुरुवारी, जेवणानंतरच्या बैठकीत, समिती अर्धोन्मीलित नेत्रांनी बसली असता दोघे एकदम उठले, आणि दोघांनी कपाचा वर्तुळाकार डाग पडलेल्या माझ्याच कागदावरून माझेच वाक्य मोठ्याने वाचले. मग ते आधी कोणी वाचले यावर भांडण जुंपले. मी हातोडी आपटून 'उभयतांचा संयुक्त प्रस्ताव संमत' असे जाहीर केले. कोणी टाळी वाजवली नाही. दोघे एकमेकांकडे विजयी मुद्रेने पाहत राहिले.

आपल्या भाषणांत आपण लघुराष्ट्राच्या नैतिक प्रभावाविषयी बोलता, त्यात भर म्हणून अनुभव नोंदवतो. मोठे एकमेकांकडे टक लावून बसलेले असतात. त्यांच्या पायांत येऊ नये, आणि उठूनही जाऊ नये. बाकी सर्व थकवा आहे.

आपला, आणि नाइलाजाने राष्ट्राचाही,
मेहुणा

ता. क. – मला काहीही नको. बढती नको, बदली नको. ताईने गुडघ्याला लावायचे तेल थोडे कमरेसाठी पाठवले तर हरकत नाही.

ता. क. पुन्हा – एक क्षुल्लक बाब राहिली. ज्याचा किनारा, त्या राष्ट्राच्या मंत्र्याने संमतीपत्रावर सही करून या महिनाअखेर धाडल्याशिवाय ते वाक्य लागू होत नाही. याविषयी मी वारंवार सरकारी अहवाल पाठवले. टपालखातेही आपल्याकडेच असल्याने ते कोठे अडले हे विचारणे प्रशस्त वाटत नाही. दरम्यान, ज्या जागेला दोघांनी इतक्या घाईने कुलूप घातले ती मौल्यवान असलीच पाहिजे, असा साक्षात्कार गजराजांना झाला आहे. आपण सही न केल्यास ते आपल्या बंदरात आपल्या नावाचा भव्य धक्का बांधून देणार आहेत, असे ऐकतो. नावाची अक्षरे पितळी असतील, असेही ऐकतो.

ता. क. शेवटचा, ताईस – घरची पत्रे तूच वाचून दाखवतेस, म्हणूनच हे सरकारी पाकिटातून धाडले नाही. संमतीपत्र सोबत आहे. मागच्या खेपेस धक्क्याचा विषय निघाला तेव्हा मामा उठून ओट्यावर जाळे विणत बसला होता, हे भावोजींना आठवत नसेल, तुला आठवते. आज त्यांना पानावर बसण्यापूर्वीच पेन दे. नंतर नको. जेवल्यावर ते कोणत्याही राष्ट्राला हो म्हणतात.