टिन सायलोच्या मूळ संचातला एकमेव माणूस

२ जानेवारी २०११
नवी वही. बेव्हनं ख्रिसमसला दिली. म्हणाली, लोवेल, बँडबद्दल जे मला रोज सांगतोस ना, ते ह्यात लिहीत जा. पस्तीस वर्षांच्या संसारात बायकोनं दिलेलं हे पहिलं खरं उत्तेजन.
यंदाचे संकल्प:
आमचा बँड टिन सायलो पुन्हा मोठ्या स्टेजवर न्यायचा.
सकाळचं सॉसेज बंद.
ड्वाइटला फोन करायचा नाही. धाकट्या भावानं आधी करायचा असतो. त्यानं केला तर उचलायचा, पण पहिल्या रिंगला नाही. तिसऱ्या.

३ जानेवारी
सॉसेज खाल्लं. फ्रीजमध्ये उरलं होतं, टाकणार कसं?

१६ जानेवारी
गॅरेजमध्ये बसून यादी केली. १९७४ पासून टिन सायलोमधून एकतीस माणसं येऊन गेली. गायक सात, गिटारवाले अकरा, ड्रमवाले चार, कीबोर्डवाले सात, सॅक्सोफोनवाला एक (१९८५ साली, सहा आठवडे. त्या वर्षी सगळ्यांनीच एकेक ठेवला होता). बेस गिटारवर मात्र पहिल्या दिवसापासून एकच माणूस. मी.
बेव्हला यादी दाखवली. ती म्हणाली, तीस जण बदलत गेले आणि एक तसाच राहिला, तर गडबड कुणात असेल रे? गणितात ती पहिल्यापासून कच्ची.

११ मार्च, शुक्रवार
चर्चच्या तळघरात फिश फ्राय, तळलेल्या माशांची गावपंगत. मासे बरे होते, कोबीचं कोलस्लॉ पाणचट. काउंटी फेअरच्या म्हणजे वार्षिक जत्रेच्या समितीवरच्या आर्लीन टटलबाई माझ्यासमोर येऊन बसल्या. यंदा फेअरला दीडशे वर्षं पूर्ण होतात म्हणे. ऑगस्टमधल्या शनिवारी संध्याकाळी, ग्रँडस्टँडच्या मोठ्या स्टेजवर, टिन सायलो!
माझा काटा-चमचा हातातच राहिला.
पण ड्वाइट हवा, म्हणाल्या. लोकांना मार्जीचं गाणं, तुमचं ते गाजलेलं, त्याच्या आवाजात ऐकायचंय, लोवेल. तुमच्या त्या नवीन मुलाच्या नाही.
नवीन मुलगा म्हणजे कर्टिस, आमचा सातवा गायक. वय सेहेचाळीस.
मी म्हटलं, ड्वाइटचं माझ्यावर सोडा. टटलबाईंनी माझ्याकडे बघितलं आणि हळूच विचारलं, बोलता का तुम्ही दोघं आता? मी म्हटलं, भाऊ आहोत आम्ही. हे खोटं नाही.

१३ मार्च
ड्वाइटचं काय झालं ते एकदा लिहून टाकतो, म्हणजे डोक्यातून जाईल.
१९८८. त्याच्या गळ्याचं ऑपरेशन. बत्तीस गावांचा दौरा आधीच ठरलेला. मी दुसरा गायक उभा केला, साधारण त्याच्याच केसांचा. पोस्टर तेच ठेवलं, कुणाला काही सांगितलं नाही. व्यवसायात असं करावं लागतं. ड्वाइटनं हॉस्पिटलात पडल्या पडल्या आमचा कार्यक्रम रेडिओवर ऐकला. मार्जीचं गाणं झाल्यावर निवेदक म्हणाला की ड्वाइट हॅस्केट आज किती रंगात आहे बघा. ड्वाइटला तेव्हा बोलायची बंदी होती.
त्याच महिन्यात मी बँडचं नाव कायदेशीररीत्या माझ्या एकट्याच्या नावावर करून घेतलं. आजारी माणसाला कागदपत्रांचा त्रास नको, एवढाच हेतू. बरा झाल्यावर सांगणारच होतो. वकिलानं आधी सांगितलं.
तेव्हापासून तो फोर्ट वेनला राहतो. गाडीनं तास-सव्वा तास. तेवीस वर्षं झाली.
लिहून डोक्यातून गेलं नाही.

९ एप्रिल
ड्वाइटचा फोन नाही. फेअरचं त्याला कळलं असणारच. लाजत असेल.

२४ एप्रिल, ईस्टर
हॅम उत्तम. जेवणानंतर कर्टिस आला आणि दारातच म्हणाला, मी सोडतोय. क्रूझवर गायचं काम मिळालंय. मी म्हटलं, बाबा रे, टिन सायलो सोडून म्हाताऱ्यांच्या बोटीवर? तर म्हणतो, लोवेल, सहा वर्षं तू मला ड्वाइटसारखं गा, ड्वाइटसारखं गा म्हणतोयस. परवा आंघोळ करताना गुणगुणत होतो, तर तिथेही ड्वाइटच निघाला. माझा आवाज कसा होता तेच आठवेना.
मी त्याला उरलेलं हॅम बांधून दिलं. चांगला माणूस. ड्वाइटइतका चांगला नव्हता.

७ मे
वर्तमानपत्रात जाहिरात: गायक पाहिजे. ड्वाइट हॅस्केटसारखा.
दोघे आले. एकाला सूर नव्हता. दुसऱ्याला होता, पण त्यानं विचारलं, ड्वाइट हॅस्केट कोण?
त्याला घालवून दिला. मग बराच वेळ अँप्लिफायरवर बसून राहिलो.

१८ जून
घात! किराण्याच्या दुकानात पोस्टर लागलंय. शनिवार, २० ऑगस्ट, ग्रँडस्टँड. ‘ड्वाइट हॅस्केट, टिन सायलोचा आवाज’. टटलबाईंनी परस्पर त्याला गाठलं. फोन केला तर म्हणाल्या, तीन महिने थांबले हो तुमच्यासाठी, तुम्ही त्याला एक फोन केला नाहीत. तुम्हाला मंगळवारी दुपारी दोनची वेळ देते, मोफत स्टेजवर. डुकरांच्या गोठ्याशेजारी, पण सावली आहे.
पोस्टरवरचा फोटो अलीकडचा होता. केस पांढरे झालेत त्याचे. दुकानात मी पाचेक मिनिटं तरी उभा होतो. दूध आणायचं राहिलं.

२० जून
उपाय सापडला. टिन सायलो हे नाव माझं आहे, माझ्या परवानगीशिवाय पोस्टरवर छापता येत नाही. वकिलाकडून ड्वाइटला नोटीस पाठवली.
बेव्ह डोक्याला हात लावून बसली. अरे, भावाला हाक मारायची ही काय रीत झाली? तिला पूर्वीचा अनुभव माहीत नाही. १९९६ साली अशीच नोटीस धाडली होती, तेव्हा ड्वाइटनं स्वतः फोन केला होता. चाळीस सेकंद बोलला. सगळ्या शिव्याच होत्या, पण आवाज खणखणीत होता. गळा पूर्ण बरा झालेला दिसत होता. मला फार बरं वाटलं होतं.
आता फोनजवळ बसतो.

२३ जून
फोनजवळ.

२६ जून
फोन आला. गटारं साफ करणाऱ्या कंपनीचा. तिसऱ्या रिंगला उचलला.

५ जुलै
ड्वाइटच्या वकिलाचं उत्तर. आपल्या सूचनेनुसार नाव काढून टाकले आहे. एवढंच. खाली सही वकिलाची.
संध्याकाळी दुकानात जाऊन पोस्टर बघितलं. टिन सायलो ह्या अक्षरांवर पांढरी पट्टी चिकटवलीय. नुसतं ‘ड्वाइट हॅस्केट’ राहिलंय. मी जिंकलो.
दुकानदार म्हणाला की तिकिटं संपली पण.

१७ जुलै
मरे पिल्चर आला. आमचा ड्रमवाला, अठ्ठावीस वर्षांचा जोडीदार. बिअर घेतली नाही, तेव्हाच ओळखलं. ड्वाइटनं त्याला शनिवारी वाजवायला बोलावलंय. म्हणाला, लोवेल, लेका, मला पुन्हा एकदा तरी त्या गाण्यामागे खरा आवाज ऐकत वाजवायचंय. गुडघे गेलेत माझे, पुढच्या वर्षी पॅडल दाबता येईल की नाही देव जाणे.
मी म्हटलं, जा. मग सहज विचारावं तसं विचारलं, माझ्याबद्दल काही बोलला का तो?
मरे बुटांकडे बघत बसला. मग म्हणाला, नाव अजून तुझ्याकडेच आहे का, एवढंच विचारलं.
म्हणजे विचारलं!

१८ जुलै
बेव्ह म्हणाली, ते नाव त्याला देऊन टाक आणि मोकळा हो. पोस्टानं पाठव. तुझ्याच्यानं समोर उभं राहून व्हायचं नाही.
पोस्टानं? ही काय विजेच्या बिलाची गोष्ट आहे? स्वतःच्या हातानं देणार.

४ ऑगस्ट
वकिलाकडून कागद करून आणला. ‘टिन सायलो हे नाव मी माझा भाऊ ड्वाइट ह्याच्या स्वाधीन करीत आहे.’ वकिलानं दोनदा विचारलं, नक्की ना? सही रेघेबाहेर गेली. पेन हलकं होतं.
शनिवारी कार्यक्रमानंतर देतो. शक्यता अशीही आहे की मरे त्याला सांगेल मी आलोय म्हणून, आणि ड्वाइट मधेच थांबून म्हणेल, लोवेल, वर ये. म्हणून बेस सुरात लावून गाडीत ठेवणार. नवा शर्ट घेतला, निळा. त्याला मी निळ्यात आवडायचो असं नाही, पण निदान त्यावर तो कधी हसला नव्हता.

१६ ऑगस्ट, मंगळवार
मोफत स्टेज, दुपारी दोन. टिन सायलोचा आजचा संच: मी, भाड्यानं आणलेला एक गिटारवाला आणि ड्रमचं यंत्र. गायलो मीच. प्रेक्षक नऊ. त्यांतले चार सावलीसाठी बसले होते, उठून गेले नाहीत हे महत्त्वाचं.
मार्जीच्या गाण्यात शेजारून भोंग्यावर डुकरांची वजनं पुकारत होते. कडव्याच्या शेवटी मोठा टाळ्यांचा कडकडाट झाला. तो दोनशे ब्याऐंशी पौंडांच्या एका डुकरासाठी होता. तरी मी वाकून नमस्कार केला. तोंड उघडलंच होतं, काहीतरी करायला हवं होतं.
खाली उतरताना मनात आलं की आजवर हे गाणं बाजूला उभं राहून चार सूर वाजवताना किती सोपं वाटायचं.

२० ऑगस्ट, शनिवार
घरी आलोय. बेव्ह झोपली. जसं झालं तसं लिहितो.
ग्रँडस्टँड खचाखच. मी मागे, कॉर्न डॉग विकणाऱ्या ठेल्याजवळ, टोपी पुढे ओढून. बेस गाडीत. ड्वाइट आला, आणि पहिल्याच ओळीला लक्षात आलं की तेवीस वर्षं मी सहा माणसांना जे करायला लावत होतो, ते करता येण्यासारखं नव्हतंच. आवाज जरा खाली उतरलाय त्याचा. पण तोच. माझ्या डोळ्यांतून पाणी यायला लागलं ते थांबेना. कांद्याची गाडीही जवळ होती.
मार्जीच्या गाण्याआधी तो थांबला. मी टोपी काढली. तो म्हणाला, हे गाणं तुम्हाला माहीत आहे. आणि सुरू केलं. मी टोपी परत चढवली.
बेसवर कुणीतरी बाई होती. चांगलं वाजवत होती. माझे चारही सूर जिथल्या तिथे.
संपल्यावर तो टेबल मांडून फोटोंवर सह्या द्यायला बसला. मी त्याचा एक फोटो विकत घेतला आणि रांगेत लागलो. चाळीस मिनिटं. कागद खिशात. काय बोलायचं ते पाठ केलं होतं: ड्वाइट, हे तुझं आहे, मी चुकलो. दहा वेळा म्हणून बघितलं. पुढच्या बाईनं मागे वळून विचारलं, काही म्हणालात का?
माझा नंबर आला. तो मान खाली घालून लिहीत होता. बोटं सुजलीत त्याची. मान खालीच ठेवून म्हणाला, कुणाच्या नावानं लिहू?
मी तोंड उघडलं, आणि बाहेर पडलं ते आमच्या आईचं नाव. व्हर्ना.
आई जाऊन बारा वर्षं झाली. तिच्या दफनाच्या वेळी आम्ही शवपेटीच्या दोन बाजूंना उभे होतो आणि पेटी उचलताना मरेला मधे घेतलं होतं.
ड्वाइटचं पेन थांबलं. मग त्यानं लिहिलं, फोटो सरकवला आणि म्हणाला, पुढचे. मान वर केली नाही.
मागून लोक ढकलत होते. कागद खिशातच राहिला.
त्यानं ओळखलं नाही मला, हे उघड आहे. एक तर उजेड कमी. दुसरं म्हणजे टोपी. व्हर्ना नावाच्या बायका ओहायोत शेकड्यांनी असतील. पेन सुकलं असेल म्हणून थांबलं. तो थकलाही होता. उद्या सकाळी सरळ फोन करतो आणि सांगतो की अरे वेड्या, तो मी होतो. हसू आम्ही दोघं.

२१ ऑगस्ट, सकाळ
फोनजवळ बसलो होतो. बेव्हनं फोटो उचलून बघितला आणि माझ्यासमोर ठेवला. काल मी घडी करून खिशात टाकला होता, उघडून वाचला नव्हता.
त्यावर व्हर्ना असं लिहिलेलंच नाही. लिहिलंय, ‘आईला. ड्वाइट.’
अर्धा तास झाला, एखादी सबब शोधतोय. टोपी, उजेड, पेन, सगळं परत लावून बघितलं. एकही बसत नाही.
ओळखलं होतं त्यानं मला.