तांग्यापासून टेंपोपर्यंत

॥ श्री ॥
बडा बाजार, झाशी
३ ऑगस्ट १९८६

चि. प्रेमला हीस विद्याधरदादाचे अनेक आशीर्वाद.

तुझे कार्ड पोचले. गुडघ्यांना तेल चोळतेस, की नुसतीच त्यांची गाऱ्हाणी सांगतेस? यशवंताला आणि सूनबाईला माझे आशीर्वाद सांग.

पत्रास कारण की, यंदा गणपतीत आपल्या मंडळाने प्रदर्शन भरवायचे ठरवले आहे. नाव ‘तांग्यापासून टेंपोपर्यंत’. स्वातंत्र्यानंतर झाशीत कसकशी वाहने चालली, ते जुन्या फोटोंतून दाखवायचे. चिटणीस दत्तात्रेयजी घरी येऊन म्हणाले की भाईसाहब, गाड्यांचे फोटो तुमच्याइतके कोणाकडेच नसतील. मी म्हटले, फोटो आमच्या माणसांचे आहेत, गाड्या मध्ये आल्या आहेत.

वडिलांची रीत तुला आठवतेच. घरातले कोणी परगावी निघाले की गाडीत बसवून त्याचा फोटो काढायचा आणि दोन प्रती करायच्या, एक घरी ठेवायला आणि दुसरी पहिल्या पत्रातून जाणाऱ्याला. त्यांच्यामागे कॅमेरा माझ्याकडे आला आणि रीतही आली. परवा पेटी उघडली. आपला जनार्दन सायकलरिक्षात, मांडीवर वळकटी घेऊन नोकरीसाठी भोपाळला निघालेला. बिचाऱ्याला पुढे पेन्शन काही लाभले नाही. दुर्गाआत्या रोडवेजच्या बसमध्ये, म्हणजे खिडकीबाहेर नुसते कोपर. सर्वांत शेवटचा शेजारचा रघुनाथ, बायकोमुलांसकट टेंपोत कोंबलेला. तो पुण्याला गेल्यापासून या गल्लीत माझ्याशी दोन शब्द बोलणारा एक पोपट तेवढा आहे. तोही शेजाऱ्यांचा, आणि हिंदी बोलतो.

तुझ्या पाठवणीच्या तांग्याची माझी प्रत वाळवीने खाल्ली, तुझी पाठवून दे. जानकीचा मात्र या पेटीत एकही फोटो नाही. ती लग्न होऊन आली ती कुठे गेलीच नाही, गेली ती एकदाच. प्रदर्शनाला तू आलीस तर मला फार बरे वाटेल.

कळावे. गुडघ्यांस व इतर सर्वांस आशीर्वाद.
विद्याधर


॥ श्री ॥
सांगली
१४ ऑगस्ट १९८६

ती. दादास प्रेमलाचा शि. सा. न. वि. वि.

फोटो सोबत पाठवत आहे, दुमडू नकोस. तू मला हलू नकोस म्हणून दटावलेस, मी हलले नाही, हलला तो घोडा. म्हणून माझे एक तोंड आणि घोड्याची दोन. लोकांना वाटेल मुलगी माहेर सुटले म्हणून रडते आहे. मी चिडले होते! आईने दिलेला लाडवांचा डबा तू तांगेवाल्याच्या पायाखाली ठेवला होतास.

येण्याचे मनात फार आहे, पण जमत नाही. सूनबाई अंबिकेला सातवा लागला आहे, तिला एकटीला टाकून कशी निघू? यशवंताची पाळी कधी रात्रीची तर कधी दिवसाची. आणि माझ्या गुडघ्यांना झाशी म्हणजे लंकाच.

तू जेवतोस ना नीट? मागच्या पत्रात प्रदर्शनाचे लिहिलेस, पोपटाचे लिहिलेस, जेवणाचे काही लिहिले नाहीस, तेव्हाच मी ओळखले. एकट्यापुरते कशाला शिजवा म्हणून चहात पोळी बुडवून भागवत असशील. गणपतीत निदान मंडळात तरी पोटभर जेव.

आणि दादा, दरवेळचेच सांगते, आता तिथे कोण आहे तुझे? कायमचा इकडेच ये.

माया आहेच, तिला उतार पडू देऊ नकोस.
तुझी प्रेमला


॥ श्री ॥
बडा बाजार, झाशी
२० सप्टेंबर १९८६

चि. प्रेमला हीस अनेक आशीर्वाद.

प्रदर्शन पार पडले. गर्दी म्हणशील तर मांडवात पाय ठेवायला जागा नव्हती. बबिन्याच्या छावणीतली मराठी फौजी कुटुंबे आली, इलाइट चौराह्यावरचे दुकानदार आले. तुझ्या फोटोसमोर दोन म्हातारे हमरीतुमरीवर आले, घोडा काठियावाडी की देशी. जनार्दनाच्या फोटोत रिक्षाची छत्री कोणत्या कारागिराची, ते एकाने लांबूनच सांगितले. आत्याची बस पाहून एक गृहस्थ सर्वांना हसत सांगत होते की ही चढावर ढकलावी लागायची. पोरांनी टेंपोपुढे उभे राहून फटफट आवाज काढले. सगळे खूश होते.

मी प्रत्येक फोटोखाली माणसाचे नाव आणि कुठे निघाला ते लिहिले होते. दत्तात्रेयजी म्हणाले की आपल्या मुलांनासुद्धा हल्ली मराठी वाचायला जड जाते आणि इतके लांबलचक कोण वाचणार. त्यांनी हिंदीत नव्या चिठ्ठ्या लावल्या. तुझ्याखाली होते तांगा, १९५२. त्यांचे चुकले असे मी म्हणत नाही.

पण दहाही दिवस मी त्या फोटोंमागे उभा होतो. वाटायचे, कोणीतरी विचारील, ही मुलगी कोण, कोणाची, आता कुठे असते. प्रेमला, गाड्या सगळ्यांनी ओळखल्या, माणूस एकही कोणी ओळखला नाही. तुम्हा सगळ्यांना तोंडावरून ओळखणारा या गावात मी एकटा उरलो आहे. त्या गर्दीत मला जितके एकटे वाटले तितके जानकीच्या तेराव्यालाही वाटले नव्हते.

तेव्हा तुझे म्हणणे आता मनावर घेतले. तू प्रत्येक पत्रात कायमचा इकडेच ये म्हणतेस आणि मी आपला टाळत आलो. आता येतो. दसऱ्याला जागा सोडतो म्हणून घरमालकांना सांगूनही टाकले. दोन ट्रंका आणि एक अंथरूण, एवढाच पसारा. मला एक कोपरा पुरे. सूनबाईला सांग, म्हातारा आपला चहा आपण करतो आणि बाळाला मांडीवरही घेतो. हे लिहितानाच इतके हलके वाटते आहे की काय सांगू.

कळावे. भेटीअंती बोलूच.
विद्याधर


॥ श्री ॥
सांगली
२ ऑक्टोबर १९८६

ती. दादास शि. सा. न. वि. वि.

तुझे पत्र वाचून आधी आनंदाने हसले आणि मग पदर तोंडाला लावून रडले. कसे लिहू ते समजत नाही, पण लिहायलाच हवे.

दादा, ते वाक्य मी खोटे लिहीत नव्हते. पण ते लिहायचे असते म्हणून लिहीत होते. आई मामाला लिहायची, आत्या आईला लिहायची, आता इकडेच या. त्यावरून कोणी कधी आले नाही. तू खरेच निघशील असे माझ्या मनातसुद्धा आले नाही.

घर यशवंताचे आहे आणि खोल्या दोन. मी स्वयंपाकघरात ओट्यापाशी निजते. बाळंतपणासाठी अंबिकेची आई येऊन राहिली आहे. तरी मी यशवंताला विचारले. तो वाईट काही बोलला नाही. म्हणाला की मामा आठ दिवस आले तर आनंदच आहे. आठ दिवस म्हणाला, त्यात काय ते मी समजले. माझे या घरात एवढेच चालते.

घरमालकांना नाही म्हणून सांग, हात जोडते. माहेर म्हणून मला जगात तूच एक, आणि तुलाच मी दार लावते आहे. मला फार लाज वाटते.

पुढे सुचत नाही.
प्रेमला


॥ श्री ॥
महालक्ष्मी मंदिराची धर्मशाळा,
लक्ष्मी ताल, झाशी
२४ ऑक्टोबर १९८६

चि. प्रेमला हीस अनेक आशीर्वाद.

पत्ता बदललेला पाहून घाबरू नकोस. तुझे पत्र येईपर्यंत घरमालकांनी जागा एका व्यापाऱ्याला गोदामासाठी देऊन टाकली होती. शब्द मीच दिला होता, मागे कोणत्या तोंडाने घेणार? पुजारीजींनी इथे एक खोली दिली आहे. कोरडी आहे, खिडकीतून तलावाचे पाणी दिसते. दुपारी देवळात जेवण मिळते, तेव्हा माझ्या पोळीची चौकशी आता बंद कर.

रागावलो नाही म्हटले तर खोटे होईल. चांगलाच रागावलो. मग तुझी ती ओट्यापाशी पसरलेली पथारी डोळ्यांपुढे आली आणि राग कुठल्या कुठे गेला. लाज तू वाटून घेऊ नकोस. या वयात रीतीचे बोलणे खरे मानणारा मीच खुळा. यशवंतावरही डोळे वटारू नकोस, आठ दिवस तरी तो मनापासून म्हणाला.

संध्याकाळी इथे फार सुने होते. पुजारीजी घरी जातात, मग बोलायला कोणी नाही. जानकीची आठवण येते, तुम्हा सगळ्यांची येते. होईल सवय.

एक मात्र मागतो. तुझे पत्र मी पुन्हा पुन्हा वाचले. त्यात शेवटी ते वाक्य नव्हते. ते गाळू नकोस, प्रत्येक पत्रात लिहीत जा. मी येणार नाही, अगदी निर्धास्त राहा. पण इकडेच ये असे मला म्हणणारे दुसरे कोणी नाही.

बाळ झाले की कार्ड टाक. आशीर्वाद आहेतच.
तुझा दादा